आकाशातली शीव

हे मी गेल्या वर्षापर्यंत कुणालाच सांगितलं नव्हतं. बायकोला नाही, ज्यांच्याकडे नोकरी करतो त्या मालकांना नाही, मशिदीत शेजारी बसणाऱ्याला नाही. अकरा वर्षांपूर्वी हजला नेलेल्या अडतीस माणसांना मी एक चुकीची गोष्ट बरोबर म्हणून सांगितली. चूक झाली हे मला तेव्हाच कळलं होतं. माणसं परत आली, स्टेशनावर हार पडले, नावामागे 'हाजी' लागलं. मी त्या हारांकडे बघत सामान मोजत उभा राहिलो.

संपादकांनी कामातल्या गमतीजमती लिहा म्हणून सांगितलं आहे. गमती पुष्कळ आहेत आणि सांगतोही. पण बावीस वर्षं मी गमतीच सांगत आलो, आणि त्यांच्या आडोशाला बसायची मला सवय झाली आहे. यंदा आडोसा सोडायचा आहे.

माझं काम साधं होतं. नगरच्या बाजारपेठेत एका जिन्यावरच्या ऑफिसातून हज आणि उमराहला, म्हणजे वर्षात केव्हाही करता येणाऱ्या छोट्या यात्रेला, जाणाऱ्यांचे काफिले निघतात, त्यांच्याबरोबर जायचं. लोक 'अमीरसाहेब' म्हणतात. अमीर म्हणजे काफिल्याचा पुढारी. मी पगारी पुढारी. पासपोर्ट सांभाळायचे, हरवलेली माणसं शोधायची, शुगरच्या गोळ्या कुणाच्या पिशवीत आहेत ते लक्षात ठेवायचं, आणि कुठला विधी कधी, कुठे, कसा हे सांगायचं. यातलं शेवटचं सोडून बाकी सगळं मी चांगलं केलं असं म्हणायला हरकत नाही.

जाण्याआधी महिनाभर शिकवणी असते. आम्ही स्टेशन रोडजवळचं एक मंगल कार्यालय घेतो. हॉलच्या मधोमध पाण्याचा मोठा ड्रम ठेवायचा, त्याच्यावर काळं कापड टाकायचं, हा काबा. त्याच्याभोवती सगळ्यांनी सात फेऱ्या मारायच्या. साठी-सत्तरीतली माणसं, पहिल्या दिवशी लाजत चालतात. कार्यालयाचा वॉचमन बबन दारात स्टुलावर बसून बघायचा. एकदा मी "झाले सात" म्हणालो तर तो तिथूनच म्हणाला, "रफिकभाई, सहाच झाले. मी मोजतोय." सहाच झाले होते. पुढं मी मोजायचं काम त्याच्याकडेच दिलं.

प्रश्न तर असे येतात की मोठ्या मौलानांनीही हात टेकावेत. इहरामच्या दोन न शिवलेल्या चादरींत तंबाखूची पुडी कुठं खोचायची? इहराममध्ये सुगंध चालत नाही, मग शेवग्याच्या भाजीला वास असतो, ती चालेल का? अराफातच्या मैदानात उभं असताना घोडेगावच्या कांदा बाजाराचा विचार मनात आला तर हज जाईल का? हा शेवटचा प्रश्न मला फार खरा वाटला होता. मी म्हणालो, "विचार आला तर येऊ द्या, त्याच्याशी बोलत बसू नका."

जे वाचक या वाटेने गेलेले नाहीत त्यांच्यासाठी थोडं सांगतो. हजरत इब्राहिमांनी अल्लाहच्या हुकमानं आपली बीवी हाजरा आणि तान्हा इस्माईल यांना एका ओसाड दरीत सोडलं. मशकीतलं पाणी संपलं. लेकरू तडफडायला लागलं. तेव्हा हाजरा सफा आणि मरवा या दोन टेकड्यांमध्ये पाणी दिसतं का म्हणून सात वेळा धावली. मग बाळाच्या पायाशी झमझमचं पाणी लागलं. पुढं बाप-लेकानं तिथंच काबा बांधला. आजही हजला गेलेला प्रत्येक माणूस, मग तो राजा असो की हमाल, त्या एका घाबरलेल्या आईच्या पावलावर पाऊल टाकून चालतो. मला हजचा अर्थ कुणी विचारला तर मी इथूनच सुरुवात करतो. शिकवणीत हे सांगताना पाथर्डीकडची एक बाई म्हणाली होती, "सातच खेपा व्हय? आमच्याकडं चैतात सकाळच्या पारीच सात व्हत्यात." सगळा हॉल हसला. मीही हसलो, आणि मग वाटलं, या बाईला आपण काय शिकवणार?

पूर्वी हे सगळं जहाजानं होत असे. माझे आजोबा गेले तेव्हा निम्मा मोहल्ला स्टेशनवर रडत उभा होता, कारण गेलेला माणूस येईलच असं नव्हतं. म्हणून निघायच्या आधी घरोघर जाऊन माफी मागायची चाल आहे. बोललं-चाललं, दिलं-घेतलं, सगळं माफ करा. ती आजही आहे. विमानानं सहा तासांत पोचणारा माणूससुद्धा आधी गावभर फिरतो. सोनईचे चांदचाचा आणि जैतूनचाची यांना मी पहिल्यांदा पाहिलं ते याच फिरण्यात.

हे दोघं मणेर. जन्मभर बांगड्या विकल्या. चाचांच्या सायकलला मागे पेटी, चाची पायी. सोनईच्या आसपासची एकही वाडी त्यांनी सोडली नव्हती. आम्हा मुसलमानांच्या घरात बहुतेक दखनी चालते, पण यांचं सगळं गिऱ्हाईक शेतकऱ्यांच्या बाया, त्यामुळे घरातसुद्धा बाजारातलीच मराठी शिरलेली. मी त्यांचे कागद घ्यायला गेलो तर दोघं घरी नाहीत. शेजारीण म्हणाली, माफी मागायला गेलेत, आज चौथा दिवस. संध्याकाळी आले ते धुळीनं भरून. चाची पाय धूत म्हणाली, "एका कोळनीला बारा वरसामागं फुटका जोड दिल्ता. ती म्हनती, मला आठवत बी न्हाई. पर आमाला आठवत हुता ना, बेटा."

आता जी गोष्ट सांगायची आहे ती समजायला एक शब्द लागेल. मीकात. मक्केच्या चारी बाजूंनी, बऱ्याच अंतरावर, काही ठिकाणं नेमून दिलेली आहेत. तिथून पुढं जाणाऱ्या यात्रेकरूनं इहराम बांधलेला असला पाहिजे. इहराम म्हणजे नुसती पांढरी चादर नव्हे. चादर, मनातली नियत, म्हणजे संकल्प, आणि तोंडानं 'लब्बैक': हजर आहे, अल्लाह, मी हजर आहे. हे झालं की माणूस बांधला गेला. मग नख काढायचं नाही, केस तोडायचा नाही, मुंगी मारायची नाही, भांडायचं नाही. गावाला जशी शीव असते आणि शीव ओलांडताना आपल्याकडे नारळ फोडतात, हात जोडतात, तशी ही त्या पवित्र मुलखाची शीव. संकल्पाशिवाय ती ओलांडली तर मागं फिरून शिवेवर जायचं आणि रीतसर यायचं. ते केलं नाही तर दम द्यायचा, म्हणजे मक्केच्या हद्दीत एका बकऱ्याची कुर्बानी. हज रद्द होत नाही, पण त्यात उणीव राहते, आणि ती भरावीच लागते.

जहाजाच्या काळात शीव समुद्रात यायची. आजोबा सांगायचे, भोंगा वाजायचा आणि हजार माणसं एकदम लब्बैक म्हणायची. विमानात शीव आकाशात येते. ताइफच्या डोंगरांवरून विमान जातं, घोषणा होते, आणि काही मिनिटांत ती मागं पडते.

आमच्या धंद्यात एक पद्धत आहे. चादरी मुंबईलाच नेसवायच्या, पण नियत करू द्यायची नाही. कारण विमान रखडलं, रद्द झालं, तर माणसं विमानतळावर बांधलेली अडकून पडतात. म्हणून अमीरनं बजावायचं: मी सांगेपर्यंत कुणी नियत करायची नाही. मीही बजावलं होतं. एकदा नाही, तीनदा. चांदचाचांनी मान डोलावली होती. ते शाळेत गेलेले नव्हते आणि शिकवणीत सगळ्यांत पुढं बसायचे.

विमान सकाळचं होतं. माझी जागा मागं, माझ्या माणसांत. पण पुढं आमच्याच काफिल्यातले, नगरचे एक मोठे कापडवाले बसले होते. मालकांनी सांगितलं होतं, त्यांच्याकडे जरा बघ, पुढल्या वर्षी सगळ्या खानदानाला घेऊन जातील. जेवणं झाल्यावर मी त्यांच्याजवळ जाऊन बसलो. मोठ्या माणसांपुढं मी बोलका नाही. पण त्यांनी विचारलं, "पूर्वी कसे जायचे हो लोक?" आणि कोण जाणे, मला कंठ फुटला. आजोबांचं जहाज, मुंबईचा मुसाफिरखाना, शिदोरीतल्या दशम्या, समुद्रातला भोंगा. ते ऐकत होते, आजूबाजूचे दोघे-तिघे वळून ऐकायला लागले. इतकं लक्ष देऊन माझं कुणी कधी ऐकलं नव्हतं.

मध्येच जैतूनचाची उठून पुढं आली. सीटांना धरत, सावकाश. "बेटा, करू का आता? खाली डोंगर दिसाय लागलेत."

मी म्हणालो, "नाही चाची, अजून अवकाश आहे. मी सांगतो."

ती गेली. थोड्या वेळानं परत उभी राहिली, तिथूनच हात हलवला. मी हातानंच 'थांबा' म्हटलं. मागून चाचांचा आवाज आला, "खाली बस गं. अमीरसाब सांगत्याल तवा. त्यांना कळत न्हाई का?"

घोषणा झाली होती. चांगली, स्पष्ट झाली होती. मी तेव्हा कापडवाल्यांना सांगत होतो, की भोंगा वाजला की माणसं कशी रडायची.

कानात दडे बसायला लागले तेव्हा मी थांबलो. विमान उतरत होतं. हवाई सुंदरीला विचारलं. ती म्हणाली, मीकात जाऊन बराच वेळ झाला. खिडकीतून समुद्राची निळी कड दिसत होती, म्हणजे जेद्दाह.

मी मागं गेलो. माझी माणसं माझ्याकडे बघत होती. चाचांनी दोन्ही हात मांडीवर उपडे ठेवले होते, फोटोला बसल्यासारखे. त्या वेळी एक वाक्य बोलायचं होतं: माझ्या हातून चूक झाली, उतरल्यावर आपल्याला मागं शिवेवर जावं लागेल. अवघड होतं. पासपोर्ट, बस, परवानगी, मालकांचे फोन. पण अशक्य नव्हतं.

मी म्हणालो, "चला, वेळ झाली. नियत करा."

अडतीस जणांनी माझ्यामागून शब्द म्हटले. मग लब्बैक सुरू झालं. चाचा ओक्साबोक्शी रडत होते. चाची मात्र एकदा खिडकीबाहेर बघत होती आणि एकदा माझ्याकडे.

पुढचे चाळीस दिवस मी जिवापाड काम केलं. मिनाच्या तंबूत कुणाच्या पायाला फोड आला तर मी मलम लावलं. मुजदलिफाच्या उघड्या मैदानावर रात्री माझी चटई दुसऱ्याला दिली. सगळे म्हणत होते, असा अमीर मिळायला नशीब लागतं. मनाशी मी म्हणत होतो, काही आलिम, म्हणजे धर्माचे जाणकार, जेद्दाहला पोचून इहराम बांधला तरी चालतं म्हणतात. तसं मत आहे, खोटं नाही. त्या मताखाली मी दहा वर्षं डोकं घालून बसलो.

पण ते मत मी मानत नव्हतो, याचा पुरावा माझ्याजवळच होता, आणि हीच खरी कबुली आहे. मक्केत पोचल्याच्या तिसऱ्या दिवशी, दुपारी सगळे झोपले असताना, मी जाऊन दम देऊन आलो. एक बकरं. माझ्या एकट्याच्या नावानं. माझा हज मी भरून घेतला आणि त्यांचा उणा ठेवला.

त्यांच्या वतीनं गुपचूप द्यायचं मनात आलं नाही असं नाही. पण दुसऱ्यावर लागलेला दम त्याला न सांगता, त्याच्या होकाराशिवाय देता येत नाही. म्हणजे आधी सांगणं आलं. तिथंच माझं पाऊल अडायचं.

चांदचाचा चार वर्षांपूर्वी वारले. मी जनाजाला गेलो होतो, खांदाही दिला. लोक म्हणत होते, हज करून आला, सुटला.

मग गेल्या वर्षीच्या शिकवणीत नेवाशाच्या एका तरुण मास्तरांनी विचारलं, "अमीरसाहेब, अमीरच्याच चुकीनं मीकात हुकली तर?" माइक माझ्या हातात होता. मी पाठ असलेलं उत्तर दिलं: दम प्रत्येकावर लागेल, आणि अमीरनं प्रत्येकाला जाऊन सांगितलं पाहिजे, नाहीतर सगळ्यांचा बोजा त्याच्या मानेवर. मास्तरांनी वहीत लिहून घेतलं. त्यांना लिहिताना पाहून मी माइक खाली ठेवला. त्या आठवड्यातच मी सोनईची एसटी धरली.

चाची ओसरीवर बांगड्या निवडत बसली होती. आता फिरणं होत नाही, बाया घरीच येतात. मला बघून म्हणाली, "ये बेटा. च्या ठिवते."

मी म्हणालो, "चहा नंतर. आधी ऐका." आणि सगळं सांगितलं. कापडवाले, जहाजाची गोष्ट, घोषणा, सगळं. ती हातातला जोड फिरवत राहिली. एकदाही वर पाहिलं नाही.

मग म्हणाली, "तुमी सोताचा दिला?"

मी हे तिला सांगितलं नव्हतं. तेवढं एक वगळलं होतं.

"दिला."

"कवा?"

"तिथंच. तिसऱ्या दिवशी."

तिनं तो जोड पेटीत ठेवला. "आमाला येक बकरं जड झालं नसतं, अमीरसाब. जलमभर काचंला जपलोय, येक बकरं काय."

'बेटा' गेलं होतं. मी म्हणालो, "चाची, मला माफ करा."

"मी दोनदा इचारलं. मला दिसत हुतं, डोंगर मागं चाललेत. तरी मी गप ऱ्हायले. मी ह्यांचं ऐकलं, ह्यांनी तुमचं ऐकलं. तुमी कुनाचं ऐकत हुता?"

मी म्हणालो, तुमचा दम मी देतो.

"माझा मी देते," ती म्हणाली. "जावयाचा भाऊ उमऱ्याला चाललाय, त्याच्या हाती सांगते. तुमी नगा देऊ. माझं हाय ते माझ्या कष्टाचं असू द्या. ह्यांचा तुमी द्या. पोरांना मी सांगते, ते व्हय म्हनत्याल."

"आणि माफी?"

"माझी दिली. जावा." पेटीचं झाकण लावत म्हणाली, "ह्यांची मी कशी देऊ? ती काय माझ्या पेटीत हाय?"

मी उठलो. तिनं चहा ठेवला नाही, आणि मला ते बरं वाटलं.

तेव्हापासून सुट्टीच्या दिवशी मी एकेका गावाला जातो. मालकांना सांगून टाकलं. ते म्हणाले, झालं ते झालं, ऑफिसचं नाव काढू नको. नाव काढत नाही, पण काफिला नेणं मी सोडलं आहे. आता मी कागद भरतो. माणसं नाना तऱ्हेनं वागली. एकानं मला दारातून हाकललं. राळेगणकडच्या एका म्हाताऱ्यानं सगळं ऐकून स्वतःचे दोन्ही कान धरले आणि म्हणाला, "मला वाटलं पोराला काय झालं. बकऱ्याचंच हाय ना? दिऊन टाका." कापडवाले म्हणाले, "म्हणजे माझ्याशी बोलत होता तेव्हा? गोष्ट मात्र सुरेख सांगत होता." आणि एक हाजीसाहेब, त्यांचं गाव सांगत नाही, माझा हात धरून म्हणाले, "गावात समदी हाजी म्हनत्यात मला. त्यात कमी हुतं ह्ये कशापायी बाहेर काढता? मला सांगितलं ते ठीक, पर लिहू नका." त्यांना मी शब्द दिला की नाव येणार नाही. लिहिणार नाही असा शब्द मला देता आला नाही.

जिथं सांगतो तिथं लोक विचारतात, इतकी वर्षं का नाही सांगितलं? मी म्हणतो, भीती वाटली. ते अर्धंच खरं आहे. चांगला अमीर म्हणून जे नाव झालं होतं ते मला गोड लागत होतं. चाचा तर दर ईदला मला खीर पाठवायचे. मी ती खायचो.

आज हे लिहितो तेव्हा हिशेब असा आहे. अडतीसपैकी पाच जण वारले; त्यांच्या वारसांना सांगून झालं. बाकीच्यांपैकी आठ जण गाव सोडून पुण्याला, सुरतेला, कुठं कुठं गेलेत. त्यांचे पत्ते मला मिळालेले नाहीत, त्यांना सांगायचं आहे. होकार दिलेल्यांपैकी चौदा जणांचा दम द्यायचा राहिला आहे. चांदचाचांचा दिला. त्यांची माफी मागितलेली नाही. ती या जगात मागता येणार नाही, पण देणं आहे.